फाळके: जमाखर्चाच्या बाजूने

'नवयुग' मासिकात नोव्हेंबर 1917पासून दादासाहेब फाळक्यांचे लेख येऊ लागले. पुढच्या वर्षभरात असे चार लेख झाले. मुंबईच्या अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये पाहिलेला ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट, पडद्यावर ख्रिस्त दिसत असताना मनात उभे राहिलेले राम आणि कृष्ण, मग रात्र रात्र जागून केलेला अभ्यास, दुखावलेले डोळे, विम्याची पॉलिसी गहाण टाकून गाठलेलं लंडन. ही कहाणी आज शाळकरी मुलांनाही पाठ असते. तिचा मोठा भाग या लेखांतून आला आहे, आणि पुढच्या बहुतेक चरित्रकारांनी ती तिथूनच उचलली आहे.

हे लेख कोणत्या दिवसांत लिहिले गेले, याकडे मात्र कुणी फारसं पाहत नाही. 'लंकादहन' पुण्याच्या आर्यन थिएटरात 19 सप्टेंबर 1917 रोजी लागला. हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी 1 जानेवारी 1918 रोजी उभी राहिली. लेखमालेची सुरुवात या दोन तारखांच्या मधली आहे. चित्रपटाने पैसा मिळतो हे सिद्ध झालं होतं, तो पैसा पुरत नाही हेही सिद्ध झालं होतं, आणि फाळके भांडवलदार शोधत होते. त्याआधी त्यांनी लोकांकडून पाच-पाच रुपये गोळा करण्याची योजनाही जाहीर करून पाहिली होती. म्हणून मला हे लेख आत्मचरित्राइतकेच भांडवलाच्या आवाहनासारखेही वाटतात. खोटं त्यांत काही आहे असं मला म्हणायचं नाही. पण धंद्यासाठी पैसे मागणारा माणूस आपली हकिगत जशी मांडेल, तशी ती मांडलेली आहे: त्यागाचा तपशील भरपूर, हिशेबाचा कमी.

हिशेबाच्या बाजूने हे आयुष्य पुन्हा मांडून पाहण्यासारखं आहे. कलावंत फाळक्यांवर पुष्कळ लिहिलं गेलं आहे. निर्माता फाळके त्या मानाने झाकलेलेच राहिले.

सुरुवातीची वर्षं झपाट्याने सांगता येतात. धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म 30 एप्रिल 1870 रोजी त्र्यंबकेश्वरला झाला. मुंबईला जे. जे. स्कूल ऑफ आर्ट, बडोद्याला कलाभवन, गोध्र्याला फोटोग्राफीचा व्यवसाय, तिथे प्लेगमध्ये पहिली पत्नी आणि मूल गेलं. नंतर पुरातत्त्व खात्यात ड्राफ्ट्समनची नोकरी, आणि ती सोडून छपाईचा धंदा. 1909 साली रंगीत छपाई शिकायला आणि यंत्रं आणायला ते जर्मनीला जाऊन आले, छापखाना नावारूपाला आला, आणि मग भागीदाराशी बिनसून ते बाहेर पडले. या शेवटच्या वाक्याखाली रेघ ओढून ठेवावी, कारण दहा वर्षांनी हेच सारं पुन्हा घडणार आहे.

ख्रिस्ताचा चित्रपट त्यांनी नेमका कधी पाहिला? स्वतः फाळके 1910 म्हणतात. पुढच्या चरित्रांत 14 आणि 15 एप्रिल 1911 या तारखा येतात: पहिल्या दिवशी थोरल्या मुलाबरोबर प्राण्यांचा चित्रपट, दुसऱ्या दिवशी सगळ्या घराला घेऊन गेले तर ईस्टरनिमित्त ख्रिस्ताचा. पंचांग पडताळलं तर 1911 साली ईस्टरचा रविवार 16 एप्रिलला होता, म्हणजे 14 तारखेला गुड फ्रायडे आणि 15ला शनिवार. तारखा जुळतात. अर्थात यावरून तारीख नोंदवणाऱ्याचं कॅलेंडर बरोबर होतं एवढंच सिद्ध होतं. पण दुसरा एक धागा 1911च्या बाजूने आहे. 1 फेब्रुवारी 1912 रोजी फाळके लंडनला जायला निघाले. मधला अभ्यास, डोळ्यांचं आजारपण आणि पैशांची जुळवाजुळव या दहा महिन्यांत नीट बसते. सहा-सात वर्षांनी आठवणी लिहिणाऱ्या माणसाचं एक वर्ष इकडचं तिकडे होणं अगदीच शक्य आहे.

लंडनचा प्रवास कर्जावर झाला. विम्याच्या 12 हजारांच्या पॉलिसीवर 10 हजार उभे केले, असे आकडे चरित्रांत येतात. तिथे 'बायोस्कोप' या व्यवसायपत्राच्या कचेरीत ते थेट जाऊन धडकले. संपादक कॅबर्न यांनी आधी या धंद्यात पडू नका असं बजावलं, मग सेसिल हेपवर्थ यांच्या वॉल्टनच्या स्टुडिओची वाट दाखवली. विल्यमसन कंपनीचा कॅमेरा, फिल्मला भोकं पाडायचं यंत्र आणि धुलाई-छपाईचं साहित्य यांची खरेदी झाली आणि कच्च्या फिल्मची मागणी नोंदवली गेली. 1 एप्रिल 1912 रोजी ते परतले आणि त्याच दिवशी फाळके फिल्म्स कंपनी स्थापन झाली, असं चरित्रं सांगतात. बोटीतून उतरल्या दिवशी कंपनी म्हणजे फार तर कंपनीचं नाव. भांडवल अजून यायचं होतं. ते यावं म्हणून वाटाण्याचं बी रुजून वेल वाढतानाचा एक छोटा पट त्यांनी काढला आणि तो दाखवून यशवंतराव नाडकर्णी आणि नारायणराव देवहारे यांच्याकडून पैसे मिळवले. बाकीची भर सरस्वतीबाईंच्या दागिन्यांनी घातली.

सरस्वतीबाईंचा वाटा दागिन्यांवर संपत नाही, आणि जमाखर्चात तो कुठेच दिसत नाही. दादरच्या घरी राबता असलेल्या सगळ्या मंडळींचा स्वयंपाक त्या करत, चित्रीकरणाच्या वेळी उजेड परतवण्यासाठी पांढऱ्या चादरी धरून उभ्या राहत, आणि रात्री अंधारात कच्च्या फिल्मला भोकं पाडत, असं कुटुंबीयांच्या आठवणींत आहे. त्या काळी फिल्म भोकं न पाडलेलीही मिळे आणि ती स्वस्त पडे. 35 मिलिमीटरच्या फिल्मच्या एका फुटात 16 चौकटी असतात आणि प्रत्येक चौकटीला एका कडेला चार भोकं, म्हणजे फुटाला 64. 'राजा हरिश्चंद्र' 3,700 फुटांचा होता. एका कडेचीच भोकं 2 लाख 36 हजार 800 भरतात. यंत्र हाताचं होतं. वाया गेलेली फिल्म आणि पुढच्या प्रती मी यात धरलेल्या नाहीत. निर्मितिखर्च मांडताना या मजुरीची किंमत शून्य लिहिली गेली, म्हणून चित्रपट पुरा झाला.

पगारी माणसं त्या मानाने स्वस्तच होती. तारामतीच्या भूमिकेला बाई मिळेना तेव्हा ग्रँट रोडच्या एका उपाहारगृहात दहा रुपयांवर राबणाऱ्या अण्णा साळुंके यांना पंधरा रुपये देऊन आणलं, असं सांगतात. दत्तात्रय दामोदर दाबके हरिश्चंद्र झाले, रोहिदास घरचाच, मुलगा भालचंद्र. सहा महिने आणि 27 दिवसांत काम संपलं.

चित्रपट निमंत्रितांना 21 एप्रिल 1913 रोजी ऑलिंपिया थिएटरात दाखवला गेला आणि 3 मेपासून गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये सर्वांसाठी लागला. याच कॉरोनेशनमध्ये वर्षभर आधी, 18 मे 1912 रोजी, रामचंद्र गोपाळ तथा दादासाहेब तोरणे यांचा 'श्री पुंडलिक' लागला होता. कॉरोनेशनचे नानासाहेब चित्रे स्वतः त्या खटपटीत होते. पहिला कोण, हा वाद मराठीत बराच झाला आहे. 'पुंडलिक' हे रंगभूमीवरच्या नाटकाचं चित्रीकरण, छायाचित्रण जॉन्सन नावाच्या इंग्रज माणसाचं, आणि फिल्म धुलाईसाठी लंडनला गेली होती. उलट फाळक्यांनी फिल्मला भोकं पाडण्यापासून पडद्यावर दाखवण्यापर्यंतचं सगळं काम घरात केलं. माझ्या मते वाद मिटवायला एवढा फरक पुरेसा आहे. पण मला त्याहून लक्षणीय वाटतं ते थिएटर. दोन्ही वेळा चित्रपट बनवणारे वेगळे होते आणि पडद्याचा मालक मात्र एकच होता.

कॉरोनेशनची जाहिरात पाहिली तर 'राजा हरिश्चंद्र' एकटा दाखवला गेलेलाच नाही. त्याच तिकिटात मिस आयरीन डेलमार यांचं नृत्य होतं, मॅक्लेमेंट्स यांचा विनोदी प्रवेश होता, अलेक्झांडर नावाच्या कसरतपटूचे पायांचे खेळ होते, वर काही विनोदी फिती. शिवाय दर दुप्पट असल्याची सूचना. अयोध्येचा सत्यवचनी राजा आणि पायांनी वस्तू झेलणारा साहेब एकाच खेळात. हा चित्रपट 23 दिवस चालला.

सुरतेला पंचाईत झाली. तिथल्या प्रेक्षकाला दोन आण्यांत सहा तासांचं नाटक पाहायची सवय, आणि फाळके तीन आणे घेऊन तासाभराचा खेळ दाखवणार. तेव्हा त्यांनी जाहिरात बदलली: 57 हजार छायाचित्रं, दोन मैल लांबीचं चित्र, सगळं तीन आण्यांत. गर्दी लोटली. ही गोष्ट नेहमी हसत सांगितली जाते, पण ती तपासूनही पाहता येते. 57 हजारांना 16ने भागलं तर 3,562 फूट येतात. 3,700 फुटांच्या चित्रपटासाठी हा आकडा प्रामाणिक आहे, किंचित कमीच. दोन मैल मात्र 10,560 फूट होतात, आणि 3,700 फूट म्हणजे पाऊण मैलही नाही. एकाच जाहिरातीत एक आकडा चोख आणि एक फुगवलेला. ज्याला छापखान्याचा आणि फोटोग्राफीचा धंदा ठाऊक आहे त्याला गिऱ्हाईक कुठल्या आकड्याला भुलतं हेही ठाऊक असतं.

जाता जाता आणखी एक: आज सगळीकडे या चित्रपटाची लांबी 40 मिनिटं लिहितात. ती बोलपटाच्या, सेकंदाला 24 चौकटींच्या वेगाने काढलेली दिसते. मूकपटाच्या काळात यंत्र हाताने फिरवत. सेकंदाला 16 चौकटींचा तेव्हाचा रूढ वेग धरला, तर 3,700 फुटांना तासाहून थोडा जास्त वेळ लागतो. सुरतेचा प्रेक्षक निदान तेवढा वेळ बसला असणार.

फाळके फिल्म्स कंपनी निघाली त्या एप्रिल 1912मध्येच, 30 तारखेला, न्यूयॉर्कमध्ये युनिव्हर्सल ही चित्रपट कंपनी उभी राहिली. तिचे प्रमुख कार्ल लेमली फाळक्यांपेक्षा तीन वर्षांनी मोठे, जर्मनीतून अमेरिकेत आलेले, आणि विस्कॉन्सिनमधल्या एका कपड्याच्या दुकानात बरीच वर्षं हिशेब लिहिलेले. 1906 साली त्यांनी शिकागोत एक छोटं थिएटर घेतलं, मग आणखी थिएटरं, मग फिल्म भाड्याने देण्याचा व्यवसाय, आणि फिल्म वेळेवर मिळेना तेव्हा स्वतः निर्मिती. अ‍ॅडॉल्फ झुकर आणि विल्यम फॉक्स यांचा रस्ताही साधारण असाच. अमेरिकेतले हे निर्माते थिएटरच्या दारातून धंद्यात शिरले. तिकिटाच्या खिडकीवर रोज जमणारा गल्ला आधी हातात आला, कॅमेरा नंतर. आपल्याकडे कलकत्त्याच्या जे. एफ. मादन यांनी हेच केलं आणि त्यांची थिएटरं देशभर पसरली. फाळके उलट्या टोकाने आले. कॅमेरा, रसायनं, रंगभूषा, पटकथा, यंत्रदुरुस्ती सगळं त्यांच्या हातात होतं, पडदा तेवढा दुसऱ्याचा होता. लेमलींनी मार्च 1915मध्ये कॅलिफोर्नियात युनिव्हर्सल सिटी उघडली, आणि 1916 साली युनिव्हर्सलची एजन्सी भारतात आली. घरच्या बाजारात खर्च वसूल करून आलेले ते चित्रपट इथे स्वस्तात भाड्याने देणं कंपनीला परवडत होतं. फाळक्यांना प्रत्येक चित्रपटाचा खर्च इथेच, दुसऱ्याच्या थिएटरांतून काढायचा होता.

तरी 1914पर्यंत ते जमत होतं. ते नाशिकला गेले, तिथे 'मोहिनी भस्मासुर' झाला, त्यात दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई या पडद्यावर आलेल्या पहिल्या स्त्रिया ठरल्या. मग 'सत्यवान सावित्री'. 'राजा हरिश्चंद्र' धरून हे तीन चित्रपट घेऊन ते पुन्हा लंडनला गेले. 'बायोस्कोप'ने त्यांच्या तांत्रिक कामाची वाखाणणी केली, तिथेच राहून काम करण्याची विचारणाही झाली. तेवढ्यात महायुद्ध पेटलं. पैसे देणाऱ्यांनी हात आखडता घेतला, परदेशातून येणारी कच्ची फिल्म दुर्मीळ झाली. 1914 ते 1917 या तीन वर्षांत नवा मोठा चित्रपट नाही. थिएटरं हाताशी असती तर या काळात दुसऱ्यांचे चित्रपट दाखवून घर चाललं असतं.

'लंकादहन'ने ते एका फटक्यात सावरलं. राम आणि सीता दोन्ही अण्णा साळुंकेच. मुंबईत दहा दिवसांत 32 हजार रुपये आले असं कुणी लिहितं, कुणी 35 हजार. मद्रासेत नाण्यांच्या थैल्या बैलगाडीतून पोलिसांच्या पहाऱ्यात न्याव्या लागल्या अशी आख्यायिका आहे, आणि ती सगळ्यांनाच आवडते. गाडी खरी असो वा नसो, यानंतर भांडवलदार आले हे खरं. लोकमान्य टिळक, रतनजी टाटा आणि मनमोहनदास रामजी यांनी मर्यादित कंपनी काढण्याची बोलणी केली, ती सिद्धीला गेली नाहीत. अखेर वामन श्रीधर आपटे, मायाशंकर भट्ट, माधवजी जेसिंग, गोकुळदास दामोदर आणि ल. ब. फाटक यांच्याबरोबर हिंदुस्थान कंपनी झाली. पैसा त्यांचा, व्यवस्थापन आपट्यांचं, आणि फाळके काम करणारे भागीदार.

'श्रीकृष्णजन्म' आणि 'कालियामर्दन' या कंपनीचे. दोन्हीत छोटा कृष्ण म्हणजे फाळक्यांची मुलगी मंदाकिनी. दोन्ही खूप चालले, आणि तरी 1919 साली फाळके राजीनामा देऊन काशीला निघून गेले. पैसे घालणारे भागीदार अंदाजपत्रक आणि वेळापत्रक मागत होते. चरित्रकार इथे फाळक्यांची बाजू घेतात. मला दोन्ही बाजू पटतात. मनासारखा प्रसंग जमेपर्यंत फिल्म खर्च करणारा दिग्दर्शक आणि महिन्याकाठी हिशेब पाहणारा व्यापारी यांच्यामध्ये जो माणूस लागतो, त्यालाच अमेरिकेत तेव्हा निर्माता म्हणू लागले होते. हिंदुस्थान कंपनीत ती जागा रिकामी होती. फाळके फिल्म्समध्ये ती फाळक्यांची स्वतःचीच होती आणि तिथे त्यांना जाब विचारणारं कुणी नव्हतं.

काशीत त्यांनी 'रंगभूमी' नाटक लिहिलं. 1922 साली ते रंगमंचावर आलं, पैसा बुडाला, आणि त्याच वर्षी ते हिंदुस्थान कंपनीत परतले, या वेळी पगारावर.

यानंतरचा सर्वांत भरवशाचा कागद सरकारी आहे. ऑक्टोबर 1927मध्ये सरकारने मद्रासचे वकील टी. रंगाचारी यांच्या अध्यक्षतेखाली चित्रपट चौकशी समिती नेमली. खरी चिंता अशी की भारतातल्या पडद्यांवर बहुतांश अमेरिकी चित्रपट दिसतात आणि ब्रिटिश मालाला जागा नाही. समिती देशभर फिरली आणि साक्षी शब्दशः छापल्या गेल्या. म्हणूनच या साक्षी 'नवयुग'च्या लेखांपेक्षा वेगळ्या वाचाव्या लागतात: इथे प्रश्न दुसरा विचारतो. साक्षीला आलेले 57 वर्षांचे फाळके या देशातला चित्रपटाचा धंदा आपण 1912 साली सुरू केला असं ठामपणे सांगतात. लिहिणं, अभिनय शिकवणं, छायाचित्रण, प्रक्षेपण, सगळं स्वतः करावं लागलं, कारण माहिती असलेलं दुसरं कुणीच नव्हतं, हेही सांगतात. चांगल्या घरच्या स्त्रिया या कामाला येत नाहीत, म्हणून आपल्या मुलीला उभं केलं, हे सांगतात. कला शिकवणारी शाळा हवी, असं त्यांचं म्हणणं पडलं.

समितीने ब्रिटिश चित्रपटांना खास सवलत देण्याची कल्पना नाकारली. कच्च्या फिल्मवरची जकात काढावी आणि देशी निर्मात्यांना कर्ज मिळेल असा निधी उभारावा, अशा तिच्या शिफारशी होत्या. अहवाल 1928 साली आला आणि कपाटात गेला. सरकारी पैशातून चित्रपटाला कर्ज देणारं फिल्म फायनान्स कॉर्पोरेशन 1960 साली निघालं. फाळके 16 फेब्रुवारी 1944 रोजी नाशिकला वारले होते.

मधल्या काळात त्यांनी 'सेतुबंधन' मूकपट म्हणून सुरू केला. तो पुरा होईतो 'आलम आरा' हा बोलपट येऊन गेला होता, तेव्हा आवाज मागाहून चढवावा लागला. हिंदुस्थान कंपनी बंद पडली. 1937 साली कोल्हापूर सिनेटोनसाठी केलेला 'गंगावतरण' हा त्यांचा एकमेव बोलपट, खर्च अडीच लाखांचा सांगतात. तो पैसा कोल्हापूर सिनेटोनचा.

कागदांनंतर फिती. 'राजा हरिश्चंद्र'ची पहिली आणि शेवटची रीळं, मिळून 1,475 फूट, राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आहेत. संग्रहालयाचे पी. के. नायर यांनी फाळके कुटुंबाकडून ती मिळवली. पण ती 1913चीच आहेत याबद्दल अभ्यासकांचं एकमत नाही. पहिली प्रत एका थिएटरातून दुसऱ्याकडे नेताना जळाली म्हणून 1917 साली फाळक्यांनी तोच चित्रपट पुन्हा काढला, आणि आपण पाहतो ते अंश त्या दुसऱ्या चित्रपटाचे, असं मानणारे अनेक आहेत. वाहतुकीत फिल्म जळण्यात आश्चर्य नाही. नायट्रोसेल्युलोज हा तोफगोळ्यांच्या प्रणोदकांचा पाया, आणि त्या काळच्या फिल्मची पट्टीही नायट्रोसेल्युलोजचीच असे, नायट्रोजन थोडा कमी एवढाच फरक. ती पेटली की लागणारा ऑक्सिजन तिच्यातूनच सुटतो, पाणी ओतून विझत नाही. 8 जानेवारी 2003 रोजी पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातल्या साठ्याला आग लागून नायट्रेट फितींचा मोठा भाग गेला. त्यात फाळक्यांच्या आणि प्रभातच्या चित्रपटांच्या मूळ फिती होत्या. सुरक्षित फिल्मवरच्या प्रती आधीच काढून ठेवल्या होत्या, म्हणून आज 'कालियामर्दन'मधली मंदाकिनी दिसते.

आता संख्येचा प्रश्न. फाळक्यांनी 95 चित्रपट आणि 26 लघुपट केले, असं भाषणांतून आणि पाठ्यपुस्तकांतून ऐकू येतं. चित्रपटकोशांत दिग्दर्शक म्हणून त्यांच्या नावावर साधारण 44 मूकपट, काही लघुपट आणि एक बोलपट आहे. हिंदुस्थान कंपनीतल्या इतर दिग्दर्शकांचं काम त्यांच्या खात्यावर जमा केलं तरच 95 जवळ येतात, असा माझा अंदाज आहे. पण निर्माता म्हणून मोजायचं तर कसोटी आणखी कडक हवी: कंपनी स्वतःची, कर्ज स्वतःच्या डोक्यावर, निर्णय स्वतःचा. त्या कसोटीला उतरणारे मोठे कथापट 'राजा हरिश्चंद्र', 'मोहिनी भस्मासुर', 'सत्यवान सावित्री', 'लंकादहन' आणि 1917 साली पुन्हा काढलेला हरिश्चंद्र. एकूण पाच, आणि पाचही हिंदुस्थान कंपनीच्या आधीचे.